हंप : आसामातून चीनला उडालेली विमानं आणि ती उडवणारी माणसं

ब्रह्मपुत्राकाठ

नमस्कार मंडळी, बरेच दिवस मनात होतं, आज बसून लिहून टाकतो. जरा लांबलंय, सांभाळून घ्या.

दोन वर्षांपूर्वी माझी दिब्रुगडला बदली झाली. मोहनबारीला विमान उतरलं, बाहेर धो धो पाऊस, आणि घ्यायला आलेल्या आमच्या ऑफिसातल्या सिनियरने (आसामी आहेत, मी त्यांना बरुआदा म्हणतो) गाडीत बसता बसता सांगितलं की हा विमानतळ लढाईतला आहे, इथून अमेरिकन विमानं चीनला जायची. मी आपला ६२ सालच्या हिशोबाने म्हटलं, अच्छा म्हणजे चीनवर हल्ला करायला? ते म्हणाले, नाही हो, चीनला वाचवायला. मला खरंच काही कळेना. दहावीपर्यंत इतिहास शिकलो, दुसरं महायुद्ध म्हणजे हिटलर, पर्ल हार्बर, हिरोशिमा आणि मध्ये कुठेतरी आझाद हिंद सेना एवढंच डोक्यात. आपल्या देशातून, आपल्या चहाच्या मळ्यांतून साडेतीन वर्षं रोज विमानं उडून दुसऱ्या एका देशाला जिवंत ठेवत होती हे कुणी सांगितलंच नव्हतं.

तर गोष्ट अशी. जपानने १९३७ ला चीनवर पूर्ण ताकदीने हल्ला केला आणि बघता बघता किनाऱ्यावरची सगळी मोठी बंदरं घेतली. च्यांग कै-शेकचं सरकार आत आत सरकत चुंगकिंगला (आजचं चोंगचिंग) जाऊन बसलं. बाहेरून सामान यायला एकच धड रस्ता उरला, ब्रह्मदेशातल्या लाशिओपासून युनानमधल्या कुनमिंगपर्यंत, ११०० किमीच्या वर, तोही लाखो चिनी माणसांनी, त्यात म्हातारे, बायका, पोरंसुद्धा, हाताने डोंगर फोडून १९३८ ला पुरा केलेला. २९ एप्रिल १९४२ ला लाशिओ पडलं आणि तो रस्ताही बंद झाला. आता चीन सगळीकडून कोंडलेला. रूझवेल्टने शब्द दिलेला की काहीही करून मदत पोचवू. उरलं काय तर आकाश.

मग दिनजान, छाबुआ, मोहनबारी, सुकेरेटिंग, जोरहाट अशा धावपट्ट्यांवरून विमानं निघायला लागली. पटकाईचा डोंगर ओलांडायचा, मग उत्तर ब्रह्मदेशातल्या रांगा, मग इरावती, साल्वीन, मेकाँग अशा एकामागून एक दऱ्या, आणि शेवटी कुनमिंग. अंतर आठशे-साडेआठशे किमी, म्हणजे मुंबई-नागपूरपेक्षा थोडं जास्त धरा. पण मधली शिखरं १५ हजार फुटांची. वैमानिक त्याला हंप म्हणायचे, म्हणजे आपल्या भाषेत बैलाचं वशिंड. बेचाळीस महिन्यांत साडेसहा लाख टन सामान पलीकडे गेलं. बहुतेक काय, तर पेट्रोलची पिंपं. जवळजवळ ६०० विमानं नष्ट झाली आणि १६०० च्या वर माणसं मेली किंवा कायमची बेपत्ता झाली. त्यातली कित्येक अजून अरुणाचलच्या जंगलात आहेत.

मला हे वाचल्यापासून राहवत नाहीये. कुणाला अजून माहिती असेल तर लिहा प्लीज.

---

शाल्मली

बापरे, मला यातलं काहीच माहीत नव्हतं. ते शार्कच्या तोंडाची चित्रं काढलेली विमानं असतात ना, फ्लाइंग टायगर्स, ते हेच का? माझ्या भाच्याकडे मॉडेल आहे त्याचं.

---

ब्रह्मपुत्राकाठ

@शाल्मली, हो आणि नाही. दोन वेगळ्या गोष्टी आहेत पण एकमेकांत गुंतलेल्या. फ्लाइंग टायगर्स ही लढाऊ विमानांची तुकडी, हंपवाले मालवाहू. पहिले आकाश राखायचे, दुसरे सामान आणायचे, आणि पहिल्यांच्या विमानांत जे पेट्रोल जायचं ते दुसऱ्यांनी आणलेलं.

टायगर्सचा कर्ता माणूस क्लेअर शेनॉल्ट. अमेरिकन लष्करातून १९३७ ला कॅप्टन म्हणून रिटायर झाला, ऐकायला कमी येत होतं, वरिष्ठांशी पटत नव्हतं. च्यांग कै-शेकची बायको सूंग मे-लिंग चीनच्या विमानदलाचं काम बघायची, तिने त्याला सल्लागार म्हणून बोलावून घेतलं. पुढची चार वर्षं त्याने जपानी वैमानिक कसे लढतात ते जमिनीवरून नुसतं बघितलं आणि टिपून ठेवलं. १९४१ मध्ये अमेरिका अजून युद्धात नव्हती, तेव्हा रूझवेल्टच्या मूक संमतीने लष्करातल्या पोरांना राजीनामे देऊन चीनमध्ये नोकरी धरायची मुभा मिळाली. कागदोपत्री ते एका विमान कंपनीचे नोकर. शंभर पी-४० लढाऊ विमानं, ब्रिटनच्या वाट्याची, ती इकडे वळवली, त्यातलं एक रंगूनला उतरवताना पाण्यात पडलं, म्हणजे ९९ च मिळाली. ट्रेनिंग ब्रह्मदेशात तौंगूला.

पहिली चकमक २० डिसेंबर १९४१, कुनमिंगवर. त्याआधी जपानी बाँबर यायचे, हवं तिथे बाँब टाकायचे आणि आरामात परत जायचे, अडवणारं कुणी नव्हतंच. त्या दिवशी दहा बाँबर आले, सोबत रक्षणाला लढाऊ विमानं नाहीत कारण गरजच पडत नव्हती, आणि समोर अचानक शार्कचे दात. त्यांनी बाँब वाटेतच टाकले आणि मागे फिरले, तीन तरी परत पोचलेच नाहीत. ज्या शहराने वर्षानुवर्षं नुसतं पळून खंदकात बसणं केलं होतं त्या शहरातल्या लोकांना त्या दिवशी काय वाटलं असेल याचा विचार केला की माझ्या अंगावर काटा येतो.

शार्कचं तोंड त्यांचं स्वतःचं नव्हतं बरं का, उत्तर आफ्रिकेतल्या ब्रिटिश ११२ स्क्वाड्रनच्या विमानांचा फोटो बघून रंगवलं. आणि पंखवाला वाघ डिस्नेच्या चित्रकारांनी काढून दिलेला.

---

कोकणकडा

माहिती चांगली आहे पण एक गोष्ट सांगतो, राग मानू नका. हे लोक भाडोत्री होते. महिना ६०० डॉलर पगार, वर एक जपानी विमान पाडलं की ५०० डॉलर बोनस. त्या काळात लष्करातल्या पायलटला याच्या निम्मेही मिळत नव्हते. त्यांना "मित्रदेशासाठी लढणारे वीर" म्हणणं जरा जास्त होतंय. आणि पाडलेल्या विमानांचे आकडेही फुगवलेलेच असणार, अधिकृत आकडा २९७ चा आहे, नंतर जपानी कागदपत्रं तपासणाऱ्यांनी तो ११५ च्या आसपास आणलाय.

---

निवृत्त_नॅव्हिगेटर

कोकणकडा, तुमचे आकडे बरोबर आहेत. मी वायुदलात बावीस वर्षं मालवाहू विमानांवर होतो, त्यातली सहा ईशान्येत, तेव्हा थोडं अधिकाराने बोलतो.

लढाईत आकडे फुगतातच. तीन जण एकाच विमानावर गोळ्या झाडतात, तिघांनाही वाटतं मीच पाडलं, खाली ढग, खात्री करायची कुणी? प्रत्येक देशाच्या विमानदलात हे झालंय. ११५ जरी धरली तरी टायगर्सची बाजू बघा, एकावेळी उडण्याजोगी पन्नास-पंचावन्न विमानंसुद्धा क्वचित असायची, सुटे भाग नाहीत, सगळीकडे माघार चालू, सिंगापूर पडलं, रंगून पडलं. त्या सहा-सात महिन्यांत जपान्यांना सतत अडवणारी तुकडी आशियात दुसरी कुठली होती सांगा.

आणि पैशाचं म्हणाल तर पैशासाठी आलेले होते, साहसासाठी आलेले होते, घरी काही जमेना म्हणून आलेले होते. पण बोनससाठी माणूस किती दिवस टिकतो? लढाईत, अपघातात मिळून वीसच्या आसपास वैमानिक गेले. मे १९४२ मध्ये जपानी सैन्य साल्वीन नदीच्या घळीपर्यंत आलं होतं, पूल चिन्यांनी उडवलेला, पलीकडच्या घाटरस्त्यावर जपानी ट्रकची रांग नदी ओलांडायच्या तयारीत. ते ओलांडले असते तर कुनमिंगपर्यंत अडवायला फार कुणी नव्हतं. ७ मे ला टायगर्समधल्या टेक्स हिलच्या नेतृत्वाखाली पी-४० विमानांनी त्या रांगेवर बाँब टाकले, पुढचे काही दिवस टाकत राहिले. ट्रकवर बोनस नव्हता हो. जमिनीवरच्या तोफांसमोर इतकं खाली यायला वैमानिक नाखूश होते, कुरबुर झाली होती, तरी गेले.

आता लढण्याची पद्धत सांगतो, ती शेनॉल्टची खरी देन. जपानी विमान हलकं, चपळ, वळण्यात पी-४० ला कधीच सापडणार नाही. पी-४० जड, पण सूर मारताना दगडासारखं खाली येतं आणि मार खाऊन टिकतं. म्हणून तो सांगायचा की वळत बसू नका. उंचीवर जा, वरून झेप घ्या, एकदाच मारा, तसेच खाली निसटा, परत उंची घ्या. म्हणजे गनिमी कावाच म्हणा की. पण त्यासाठी शत्रू येतोय हे आधी कळायला हवं, आणि रडार तर नव्हतं. मग गावोगाव, टेकडीटेकडीवर चिनी माणसं बसवलेली, फोन किंवा साधा रेडिओ घेऊन. आवाज आला, दिसलं, लगेच पुढच्याला कळवायचं. ती साखळी कुनमिंगपर्यंत. त्या अनामिक माणसांशिवाय टायगर्स शून्य.

अजून एक, सगळीकडे लिहिलेलं असतं की त्यांनी झीरो विमानांना हरवलं. झीरो जपानी नौदलाचं विमान, टायगर्सच्या समोर प्रामुख्याने जपानी लष्कराची विमानं होती, की-२७ आणि की-४३.

---

शाल्मली

काका, किती छान समजावलंत. ती फोनवाली माणसं माझ्या डोक्यातून जाणार नाहीत आता.

---

व्होल्गा

मी पुण्यात रशियन शिकवते, त्यामुळे एक भर घातल्याशिवाय राहवत नाही. अमेरिकनांच्या चार वर्षं आधी, १९३७ च्या शेवटापासून चीनच्या आकाशात सोव्हिएत वैमानिक लढत होते, तेही "स्वयंसेवक" म्हणूनच. नानकिंग, वुहान इथे झालेल्या हवाई लढायांत ते होते, फेब्रुवारी १९३८ मध्ये तर जपानच्या ताब्यातल्या तैवानवर जाऊन त्यांनी विमानतळावर बाँब टाकले. दोनशेच्या वर माणसं तिथेच राहिली. वुहानमध्ये त्यांचं स्मारक आहे.

त्यातला एक ग्रिगोरी कुलिशेंको, बाँबर तुकडीचा प्रमुख. ऑक्टोबर १९३९ मध्ये हानकौवरच्या हल्ल्यातून परत येताना विमान जखमी झालं, यांगत्सेच्या पाण्यात उतरवलं, बाकीचे सोबती वाचले, तो बुडाला. वानशियानला त्याची समाधी आहे आणि ती एका चिनी बाईंनी आणि त्यांच्या मागे त्यांच्या मुलाने कित्येक दशकं सांभाळली, झाडलोट केली. मी वर्गात हे दरवर्षी सांगते.

---

ब्रह्मपुत्राकाठ

व्होल्गाताई, हे अजिबात माहीत नव्हतं, खूप धन्यवाद. काकांना दंडवत. काका, हंपवर उडणं नेमकं इतकं अवघड का होतं ते पण सांगा ना, तुम्ही त्याच भागात उडालाय.

---

निवृत्त_नॅव्हिगेटर

सांगतो. जेवण करून निवांत टाइप करतोय.

त्या भागात तीन हवा भेटतात, बंगालच्या उपसागरावरची ओली, तिबेटावरची गार कोरडी, आणि पश्चिमेकडून येणारी. डोंगराला थडकून वारा वर उसळतो आणि पलीकडे तसाच खाली कोसळतो. विमान मिनिटाला हजारो फूट वर फेकलं जातं आणि तसंच खाली. मालाने भरलेलं डाकोटा (त्यांचं सी-४७) त्या शिखरांच्या वर मुळात जेमतेम जायचं, पुष्कळदा खिंडीतून काढावं लागायचं, आणि खिंडीत ढग. नकाशे असे की डोंगराची उंची कागदावर एक आणि समोर दुसरीच. वारा शंभर मैलांच्या वर, म्हणजे तुम्हाला वाटतं आपण कुनमिंगला पोचलो आणि प्रत्यक्षात तुम्ही भलतीकडे. माझं कामच दिशा काढायचं होतं म्हणून सांगतो, खाली काही दिसत नसताना, रेडिओवर नुसती खरखर असताना, वारा किती आणि कुठून याचा अंदाज चुकला की नॅव्हिगेटरच्या पोटात गोळा येतो, आणि आमच्या वेळी तर साधनं कितीतरी बरी होती.

मग बर्फ. ढगातून जाताना पंखावर बर्फ धरतं, पंखाचा आकार बदलतो, वजन वाढतं, विमान उचलेनासं होतं. त्यांचं सी-८७ नावाचं विमान होतं, बाँबरचं मालवाहू केलेलं, त्याला बर्फ अजिबात सोसायचं नाही. पेट्रोल वाहायला त्याचाच भाऊ सी-१०९, नुसता उडता टँकर, अपघात झाला की संपलंच. आणि सी-४६, डाकोटाच्या जवळजवळ दुप्पट माल घ्यायचं, पण घाईघाईत पाठवलेलं, पेट्रोलची गळती होऊन हवेतच पेटायचं.

उडवणारी पोरं वीस-बावीस वर्षांची. कित्येकांनी पावसाळा म्हणजे काय ते पाहिलेलं नाही. आसामचा पावसाळा! धावपट्टीवर चिखल, तंबूत चिखल, मलेरिया, आणि मेकॅनिक लोक दिवसा धातू इतका तापायचा की हात लावता येत नाही म्हणून रात्री काम करायचे. सुरुवातीला जपानी लढाऊ विमानं उत्तर ब्रह्मदेशातल्या मित्कीनाहून येऊन या निःशस्त्र विमानांना गाठायची, म्हणून अजून उत्तरेकडून, अजून उंच डोंगरांवरून जावं लागायचं. १७ मे १९४४ ला मित्कीनाची धावपट्टी मित्रसैन्याने घेतली, तेव्हा कुठे दक्षिणेची थोडी ठेंगणी वाट मोकळी झाली.

सप्टेंबर १९४४ ला विल्यम टनर नावाचा अधिकारी आला. त्याच्याआधी अमुक तास भरले की घरी परत असा नियम होता, म्हणून पोरं झोप न घेता उडून तास भरायची आणि थकून मरायची. त्याने तास वाढवले आणि वर्षभर राहणं सक्तीचं केलं, लोकांनी शिव्या घातल्या, पण अपघात कमी झाले. देखभाल कारखान्यासारखी एकेका टप्प्यात लावली. जुलै १९४५ या एका महिन्यात ७१ हजार टन गेलं, जिथे १९४२ मध्ये महिन्याला काहीशे टन जाताना मारामार होती. हाच टनर पुढे १९४८ ला बर्लिनची कोंडी फोडायला गेला. बर्लिन सगळ्या जगाला माहीत, आणि त्याची शाळा कुठे झाली, तर छाबुआत.

---

सोलापूरचा_पक्या

एवढं सगळं चीनबद्दल चाललंय आणि आमच्या डॉक्टर कोटणीसांचं नाव नाही असं कसं चालेल? द्वारकानाथ शांताराम कोटणीस, जन्म सोलापूर, १९१०. १९३८ ला काँग्रेसने चीनला पाच डॉक्टरांचं पथक पाठवलं त्यातले एक, नागपूरचे डॉ. चोळकर पण होते त्यात. बाकीचे परत आले, हे राहिले. उत्तर चीनमध्ये आठव्या मार्ग सेनेबरोबर (कम्युनिस्टांची फौज), आघाडीच्या मागे कौलारू घरांत ऑपरेशनं. तिथेच कुओ चिंगलान नावाच्या नर्सशी लग्न, मुलगा झाला त्याचं नाव यिनहुआ, यिन म्हणजे भारत आणि हुआ म्हणजे चीन. ९ डिसेंबर १९४२ ला गेले, वय फक्त ३२.

म्हणजे बघा, ज्या साली आसामातून विमानं सुरू झाली त्याच साली डॉक्टर तिकडे वारले. त्यांच्या भागात हंपचं सामान पोचत नसणार कारण ते च्यांगकडे जायचं आणि हे कम्युनिस्टांच्या बाजूला. औषधं नाहीत, गॉज धुवून धुवून वापरायचा. आमच्या शाळेतून दरवर्षी त्यांच्या घरी, स्मारकाला नेतात. मी लहानपणी कंटाळत जायचो, आता वाटतं नीट बघायला हवं होतं.

---

अवलोकिता

सगळं वाचलं, भारावून गेले, तरी एक खटकतंय ते लिहिते. वैमानिकांची संख्या आपल्याला शेवटच्या माणसापर्यंत माहीत आहे. धावपट्ट्या बांधणाऱ्यांची? आसामात चहाच्या मळ्यातले मजूर, बायका डोक्यावर घमेली घेऊन, हातोडीने खडी फोडत. पलीकडे युनानमध्ये, छंगदूला, लाखो शेतकरी, अजस्र दगडी रूळ दोरखंडांनी ओढत, शंभर शंभर जण एका रुळाला, आणि रूळ उतारावर सुटला की खाली जो येईल तो गेला. त्यांची नावं कुठल्या भिंतीवर आहेत?

आणि १९४३. तेच कलकत्ता बंदर, तिथून युद्धाचं सामान रेल्वेने आसामात, मध्ये ब्रॉडगेजवरून मीटरगेजवर उतरवून चढवून, ब्रह्मपुत्रा बार्जवर ओलांडून. आणि त्याच कलकत्त्याच्या फुटपाथवर माणसं अन्नावाचून मरत होती, बंगालच्या दुष्काळात वीस ते तीस लाख माणसं गेली. वैमानिकांचा यात काही दोष नाही, मला तसं म्हणायचंच नाहीये. पण ही गोष्ट सांगताना तेही त्याच पानावर असायला पाहिजे.

---

ब्रह्मपुत्राकाठ

अवलोकिता, शंभर टक्के मान्य. मी मूळ लेखात हे लिहायला हवं होतं, राहून गेलं, चुकलंच.

---

कोकणकडा

अवलोकिता यांच्याशी सहमत. आणि भाडोत्री हा शब्द मी मागे घेतो, काकांनी साल्वीनचं सांगितलं ते मला माहीत नव्हतं. पण एक प्रश्न उरतोच. एवढं करून उपयोग किती झाला? पोचलेल्या मालातला बराचसा काळ्या बाजारात गेला म्हणतात. शेनॉल्ट म्हणणार सगळं पेट्रोल माझ्या विमानांना द्या, तिथला अमेरिकन सेनापती जनरल स्टिलवेल म्हणणार माझ्या पायदळाला द्या, दोघांचं भांडण वॉशिंग्टनपर्यंत, शेवटी ऑक्टोबर १९४४ ला स्टिलवेलला परत बोलावलं. बी-२९ या मोठ्या बाँबर विमानांचा तर कहरच. खरगपूरच्या आसपासच्या तळांवरून छंगदूला जायची आणि तिथून जपानवर. पण एका विमानाच्या एका हल्ल्याइतकं पेट्रोल साठवायला आधी हंपवरून सहाएक खेपा. इतकं सगळं ओतून हाती काय?

---

निवृत्त_नॅव्हिगेटर

कोकणकडा, तुम्ही मोकळ्या मनाने लिहिलंत, बरं वाटलं.

बी-२९ बद्दल तुमचं बरोबर आहे, ती योजना परवडणारी नव्हतीच आणि १९४५ च्या सुरुवातीला ती विमानं पॅसिफिकमधल्या बेटांवर हलवली. काळा बाजारही होता. पण टनावर मोजू नका. १९४२ च्या उन्हाळ्यात चीनने तह केला असता तर कुणी नावं ठेवली असती का? पाच वर्षं जवळजवळ एकट्याने लढले होते. चीन शरण गेला असता तर तिथे अडकलेले लाखो जपानी सैनिक मोकळे झाले असते, आणि ते कुठे गेले असते? इंफाळ, कोहिमा आठवा. तेव्हा ही मदत चीनला होती तशी आपल्या दारालाही होती.

शिवाय परतीची विमानं रिकामी नाही यायची. चिनी सैनिक भरून आणायची, त्यांना आपल्या रामगढला, आताच्या झारखंडात, नवीन शस्त्रं, ट्रेनिंग, पोटभर जेवण. तेच सैनिक पुढे उत्तर ब्रह्मदेशात लढत मित्कीनापर्यंत गेले. चिनी वैमानिक लाहोरला, कराचीला शिकले आणि अमेरिकनांबरोबर एकाच तुकडीत उडाले. मदत घेणारा हात बांधून बसला नव्हता.

एक शेवटचं. ३ जून २०१९ ला आपल्या वायुदलाचं एएन-३२ मालवाहू विमान जोरहाटहून अरुणाचलातल्या मेचुकाला निघालं, तेरा जण होते. सॅटेलाइट, हेलिकॉप्टर, सगळं असून अवशेष दिसायला आठ दिवस लागले. जोरहाट हाही हंपचाच तळ. त्या आठ दिवसांत मी टीव्हीसमोरून उठलो नाही. १९४३ मध्ये एखादं सी-४६ त्या जंगलात पडलं तर त्याच्या घरच्यांना फक्त "बेपत्ता" एवढी तार जायची, आणि मग पुढचं सगळं आयुष्य.

---

शाल्मली

काका, हे वाचून डोळ्यात पाणी आलं.

मी काल रात्री बसून थोडं शोधलं. सगळेच मेले नाहीत. २ ऑगस्ट १९४३ ला एक सी-४६ नागा टेकड्यांवर बंद पडलं, २१ जण होते, त्यात एरिक सेवराइड नावाचा मोठा रेडिओ पत्रकार. पॅराशूटने उड्या मारल्या, सहवैमानिक गेला, बाकी वीस जण वाचले. ते पडले पांगशा गावाजवळ, आणि ते गाव तेव्हा मुंडकी कापण्यासाठी ब्रिटिशांच्या कागदोपत्री कुप्रसिद्ध. त्याच गावाने त्यांना आसरा दिला, खायला दिलं. फ्लिकिंजर नावाचा लष्करी डॉक्टर दोन सहकाऱ्यांसोबत मुद्दाम त्यांच्यासाठी विमानातून खाली उडी मारून गेला. मग मोकोकचुंगचा ब्रिटिश अधिकारी माणसं घेऊन आला आणि चालत चालत सगळ्यांना बाहेर काढलं.

चीनच्या बाजूला तर वैमानिकांच्या जाकिटाच्या पाठीवर कापड शिवलेलं असायचं, चीनचा झेंडा आणि खाली चिनी अक्षरांत की हा परदेशी माणूस आपल्याला युद्धात मदत करायला आलाय, सैनिकांनी आणि जनतेने याला वाचवावं. ज्याला ती भाषा येत नाही त्याच्या पाठीवर त्याचा जीव लिहिलेला.

आणि पासीघाटला हंपचं म्युझियम झालंय, नोव्हेंबर २०२३ ला उघडलं. जंगलात सापडलेल्या विमानांचे भाग ठेवलेत. ॲरिझोनाचे क्लेटन कुह्लस कित्येक वर्षं स्वखर्चाने येऊन अवशेष शोधतायत, वाट दाखवायला तिथले आदी, मिश्मी शिकारी. धागाकर्ते, तुम्ही तिथेच आहात, जाऊन या ना आणि फोटो टाका.

---

ब्रह्मपुत्राकाठ

पासीघाटला दिवाळीनंतर जातोय, रस्ते आत्ता पावसाने खराब आहेत. पण या रविवारी दुसरीकडे जाऊन आलो, ते सांगतो.

बरुआदांना हा धागा वाचून दाखवला, अवलोकितांचं खडी फोडणाऱ्या बायकांचं आलं तिथे त्यांनी थांबवलं आणि म्हणाले चल. छाबुआच्या बाजूला एका मळ्याच्या लायनीत (मजुरांच्या वस्तीत) घेऊन गेले, तिथे त्यांच्या ओळखीच्या एक आजी राहतात, नव्वदीच्या पुढच्या. अंगणाचं कुंपण आणि फाटक भोकाभोकांच्या लोखंडी पट्ट्यांचं. मी याआधी दिब्रुगडमध्ये शंभर ठिकाणी तशा पट्ट्या पाहिल्यात, गोठ्याला, नाल्यावर टाकलेल्या, आणि कधी लक्षच गेलं नव्हतं. ती तेव्हाची धावपट्टी. चिखलावर एकात एक अडकवून अंथरायचे आणि त्यावर विमान उतरायचं. ऐंशी वर्षं झाली, अजून मजबूत आहेत, आजींच्या कोंबड्या आत ठेवतायत.

आजी तेव्हा नऊ-दहा वर्षांच्या. त्यांची आई मळ्यातून पट्टीच्या कामाला गेली, खडी फोडायला, आणि या धाकट्या भावाला कडेवर घेऊन तिथेच बसायच्या. विमानं दिवसरात्र जायची म्हणाल्या. मी विचारलं कुठे जातात ते माहीत होतं का? म्हणाल्या कुणी सांगितलंच नाही. आईला वाटायचं बर्माला लढायला जातात. मी म्हटलं, आजी, चीनला जायची, तिकडे पेट्रोल, औषधं, सामान न्यायची, तिथली माणसं अडकली होती. हे बरुआदांनी त्यांच्या भाषेत नीट सांगितलं. त्या बराच वेळ गप्प होत्या. मग तामूल-पानाची (सुपारी-पानाची) बटा पुढे केली आणि मला विचारलं, तुमच्या देशातून, म्हणजे महाराष्ट्रातून, कुणी गेलं होतं का चीनला?

मग मी त्यांना सोलापूरच्या डॉक्टरांची गोष्ट सांगितली.